शेजाऱ्याने हद्दीला लागून खोल खोदकाम केले, तर वरच्या जमिनीच्या आधाराचे कायदेशीर संरक्षण कितपत मिळते?

प्रश्न : उतारावरचे घर (दापोली)

नमस्कार. आमचे घर दापोली तालुक्यात एका उतारावर आहे. वडिलांनी १९९४ साली जांभ्या चिऱ्याचे आणि मंगलोरी कौलांचे हे घर बांधले, तेव्हा सगळी जमीन वडील आणि चुलते यांची सामाईक होती. १९९८ साली नोंदणीकृत वाटपपत्र होऊन वरचा टप्पा आमच्याकडे आणि खालचा टप्पा चुलत्यांकडे गेला. दोहोंच्या मध्ये जुना चिऱ्याचा गडगा (कुंपणाची दगडी भिंत) आहे आणि तीच हद्द दोन्ही घरांनी आजवर मानली. २०१४ साली आम्ही घराच्या मागे, म्हणजे डोंगराच्या बाजूला, स्लॅबच्या दोन खोल्या वाढवल्या.

चुलतभावांनी खालचा टप्पा अलीकडे विकला. नव्या मालकांनी बंगल्यासाठी सपाटी करायला घेतली असून पोकलेनने गडग्यापासून जेमतेम हातभर अंतर ठेवून जमीन सरळ उभी कापली आहे. कापाची उंची बारा फुटांच्या आसपास आहे. निघालेला मुरूम डंपरने बाहेर नेण्यात आला. त्यानंतर गडग्याचे चिरे दोन ठिकाणी खाली घसरले आणि अंगणात, तुळशीवृंदावनाच्या पुढून, गडग्याला समांतर अशी भेग पडली. गडग्यापासून ती सात-आठ फुटांवर आहे आणि एक रुपयाचे नाणे तिच्यात उभे राहते. घराची पुढची भिंत गडग्यापासून साधारण अठरा फूट आत असून तिच्यावर अद्याप एकही तडा दिसत नाही.

आम्ही बोलायला गेलो तेव्हा त्यांनी शांतपणे, पण ठाम सांगितले की जमीन त्यांची आहे, परवानगी त्यांच्याकडे आहे, आणि आम्हाला आमची माती सांभाळायची असेल तर भिंत आम्ही आमच्या हद्दीत, आमच्या खर्चाने बांधावी. उलट आमच्या अंगणाचे पाणी त्यांच्या कापावर उतरते, अशी तक्रारही त्यांनी केली. पाऊस तोंडावर आला आहे. माझे प्रश्न असे : आपल्या जमिनीत खोदण्याचा त्यांचा हक्क कुठवर जातो? भिंतीचा खर्च कोणी करायचा? घराला तडे जाईपर्यंत थांबावे लागेल की आताच काही करता येईल? आणि २०१४ च्या खोल्यांमुळे आमची बाजू लंगडी पडते का?

उत्तर : दिवाणी वकील (रत्नागिरी)

आपण तपशील नेमके दिले आहेत, त्यामुळे उत्तरही नेमके देता येईल.

हा विषय मुख्यतः भारतीय सुविधाधिकार अधिनियम, १८८२ मध्ये येतो. सुविधाधिकार म्हणजे आपल्या जमिनीच्या उपभोगासाठी दुसऱ्याच्या जमिनीवर असलेला हक्क. त्याच्या कलम ७ मध्ये प्रत्येक जमीनमालकाचे काही स्वाभाविक हक्क सांगितले आहेत आणि त्यांच्या उदाहरणांत हा हक्क स्पष्ट नोंदलेला आहे : आपली जमीन नैसर्गिक स्थितीत असताना तिला शेजारच्या व खालच्या मातीचा जो आधार निसर्गतः मिळतो, तो मिळत राहण्याचा हक्क प्रत्येक मालकाला आहे. यासाठी करार, वहिवाट किंवा वर्षांची अट लागत नाही. जमिनीच्या मालकीबरोबरच तो येतो. म्हणून शेजाऱ्यांना आपल्या जमिनीत खोदता येते, पण खोदल्याने आपल्या मातीचा आधार जात असेल तर त्याच्या जागी तितकाच भक्कम पर्यायी आधार देणे ही त्यांची जबाबदारी ठरते. आधार ज्याने काढला त्याने तो द्यायचा, हे तत्त्व धरले तर भिंतीच्या खर्चाच्या प्रश्नाचे उत्तर त्यातच मिळते.

मात्र ‘नैसर्गिक स्थिती’ या शब्दांकडे बारकाईने पाहावे लागते. जमीन खोदलेली नसावी आणि तिच्यावर कृत्रिम भार नसावा, असे स्पष्टीकरण त्याच उदाहरणाखाली दिले आहे. घर हा कृत्रिम भार आहे. घरासह जमिनीला आधार मिळण्याचा हक्क कलम १५ प्रमाणे मिळवावा लागतो : असा आधार शांततेने, सुविधाधिकार म्हणून, अखंड वीस वर्षे मिळालेला असेल तर तो हक्क पक्का होतो. शेजारची जमीन सरकारी असेल तर हीच मुदत तीस वर्षांची असते. आपल्या बाबतीत १९९४ पासूनची वर्षे सरसकट मोजता येणार नाहीत, कारण वाटपापर्यंत दोन्ही टप्पे सामाईक मालकीचे होते आणि स्वतःच्याच जमिनीवर कोणाला सुविधाधिकार मिळत नाही. १९९८ पासून मोजले तरी वीस वर्षे २०१८ मध्ये पूर्ण झाली, म्हणून मूळ घरापुरते आपण सुरक्षित आहात. एक अट मात्र विसरू नये : ही वीस वर्षे दावा दाखल होण्याच्या आधीच्या दोन वर्षांच्या आत संपलेली असावी लागतात. खोदकाम होऊन आधार तुटला आणि आपण तीन-चार वर्षे चर्चेत घालवली, तर हा हक्क हातचा जाऊ शकतो.

वाटपाचा आपल्याला आणखी एक फायदा आहे. कलम १३ प्रमाणे सामाईक मिळकतीचे वाटप होते तेव्हा एका हिश्शाचा उपभोग वाटपाच्या वेळी जसा होता तसाच चालू राहण्यासाठी दुसऱ्या हिश्शावर जी उघड आणि सततची सुविधा आवश्यक असते, ती वाटपपत्रात वेगळा हेतू नसेल तर त्या हिश्श्याबरोबर जाते. वाटपाच्या दिवशी घर वरच्या टप्प्यावर उभे होते आणि खालचा टप्पा त्याला पेलत होता, हे डोळ्यांना दिसणारे होते. वाटपपत्र पुन्हा काळजीपूर्वक वाचा आणि त्यात हद्दीविषयी किंवा गडग्याविषयी एखादे वाक्य असेल तर ते वकिलांना दाखवा.

२०१४ च्या खोल्यांना वीस वर्षे झालेली नाहीत, त्यामुळे त्यांच्या वाढीव भारासाठी कलम १५ चा आधार नाही. शिवाय कलम २९ सांगते की आपल्या मिळकतीत फेरबदल करून किंवा भर घालून शेजाऱ्यावरचा बोजा लक्षणीय वाढवता येत नाही. पण त्या खोल्या डोंगराच्या बाजूला आहेत आणि भेग पडली आहे अंगणात. माती घराच्या भाराशिवायही खचली असती, असे दाखवता आले तर प्रश्न पुन्हा कलम ७ च्या स्वाभाविक हक्काकडे येतो आणि खोल्यांचा वाद बाजूला पडतो. इथे मला आपल्याला विचारायचे आहे की अंगण मूळ जमिनीचे आहे की भराव घालून सपाट केलेले आहे? भराव असेल तर समोरचे वकील ‘ही जमीन नैसर्गिक स्थितीत नाही’ असा मुद्दा पहिल्याच दिवशी मांडतील. तो भराव १९९८ च्या आधीचा असेल तर वीस वर्षांचा नियम त्यालाही लागू पडतो, पण ते पुराव्याने सिद्ध करावे लागेल.

आता थांबण्याविषयी. कलम ३४ प्रमाणे आधार काढून घेतला एवढ्यावरच नुकसानभरपाई मागता येत नाही. लक्षणीय नुकसान प्रत्यक्ष घडल्यावरच तो हक्क निर्माण होतो. हे इंग्लंडमध्ये १८६१ साली बॅकहाउस विरुद्ध बोनोमी या खटल्यात ठरले आणि त्याचा फायदाही आहे, कारण दाव्याची मुदत खोदकामाच्या दिवसापासून धावत नाही, नुकसान झाल्यापासून धावते. मनाई हुकमासाठी मात्र नुकसान होईपर्यंत वाट पाहावी लागत नाही. कलम ३५ नुसार, होऊ घातलेल्या कृत्यामुळे हक्काला अटळपणे बाधा येणार असेल तर ते आधीच रोखता येते. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९ खाली तात्पुरत्या मनाईचा अर्ज आणि आदेश २६ नियम ९ खाली कोर्ट कमिशनर नेमण्याचा अर्ज, हे दोन्ही दाव्याबरोबरच द्यावेत. कमिशनरने पावसाआधी कापाची उंची, गडग्यापासूनचे अंतर आणि भेगेची लांबी-रुंदी नोंदवली, तर पुढे त्या अहवालाइतके मोलाचे दुसरे कागदपत्र या प्रकरणात नसेल. भिंत बांधून द्यावी असा आदेशात्मक हुकूम विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ च्या कलम ३९ प्रमाणे मागता येतो.

पाण्याची त्यांची तक्रार अर्धीच ग्राह्य आहे. वरच्या जमिनीवर पडलेले पाणी ठराविक प्रवाहाशिवाय निसर्गतः खाली जात असेल तर खालच्या मालकाने ते जाऊ द्यावे, हाही कलम ७ मधलाच स्वाभाविक हक्क आहे. परंतु पागोळ्यांचे पाणी पन्हळीत गोळा करून एकाच ठिकाणी खाली सोडले जात असेल, तर ते नैसर्गिक वाहणे राहत नाही. तसे असल्यास आजच ते वळवा, म्हणजे दोषाचे बोट आपल्याकडे वळणार नाही.

उत्तर : माती आणि पाया (स्थापत्य अभियंता, कोल्हापूर)

वकील साहेबांनी ‘घराच्या भाराशिवाय माती खचली असती का’ हा जो मुद्दा काढला, तो मुळात अभियंत्याने उत्तर देण्याचा प्रश्न आहे, म्हणून लिहितो.

ढोबळ मानाने कापाच्या पायथ्यापासून ४५ अंशांची रेषा वर काढली तर ती जिथे पृष्ठभागाला मिळते, तिथपर्यंतची माती पहिल्या धोक्याच्या पट्ट्यात येते. बारा फुटांच्या कापासाठी हा पट्टा वर सुमारे बारा फूट रुंद होतो. आपली भेग सात-आठ फुटांवर, म्हणजे त्या पट्ट्याच्या आत आहे, आणि घराची भिंत अठरा फुटांवर, म्हणजे बाहेर आहे. त्या पट्ट्यावर तुळशीवृंदावनाशिवाय काही भार नाही. याचा अर्थ, आज जे हलते आहे ते मुख्यतः मातीच्या स्वतःच्या वजनाने हलते आहे, असे तज्ज्ञ साक्षीदार बऱ्याच खात्रीने सांगू शकेल. मागच्या खोल्यांचा भार तर या कापापर्यंत पोहोचतच नाही.

धोका मात्र घराला नाही असे समजू नका. कोकणात वर जांभ्याचा कठीण थर असतो आणि त्याखाली पुष्कळदा मऊ, पिवळसर-पांढरी चिकणमाती लागते, जिला किनारपट्टीवर बरेच लोक शेडी म्हणतात. उन्हाळ्यात हा काप भिंतीसारखा ताठ उभा राहतो, कारण कोरड्या मातीच्या कणांमधला ओलाव्याचा ताण तिला धरून ठेवतो. कोकणात वर्षाला तीन हजार मिलिमीटरपेक्षा जास्त पाऊस पडतो. तो भेगेतून आत गेला की तो ताण नाहीसा होतो, मातीचे वजन वाढते आणि भेगेत साठलेले पाणी मागून ढकलू लागते. खालचा मऊ थर आधी सुटला तर वरचा जांभा तुकड्याने खाली येतो आणि घसरण्याचा पट्टा ४५ अंशांच्या रेषेच्या पलीकडे, उंचीच्या दीडपट-दुप्पट अंतरापर्यंत मागे सरकू शकतो. अठरा फूट त्या हिशोबात पुरेसे नाहीत.

उंचीविषयी सामान्य माणसाचा अंदाज हमखास चुकतो. मातीचा एकूण आडवा रेटा उंचीच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो : सहा फुटांऐवजी बारा फूट खोदले की भिंतीवरचा एकूण रेटा चौपट होतो आणि भिंत उलथवणारा परिणाम आठपट होतो. म्हणून नऊ इंची विटांची किंवा नुसत्या चिऱ्यांची कंपाउंड भिंत उभी करून ‘भिंत बांधून दिली’ असे कोणी म्हणाले तर ते मान्य करू नका. दगडी वजनदार भिंत असेल तर तिचा पायथा उंचीच्या साधारण निम्म्यापासून दोन तृतीयांशापर्यंत रुंद लागतो; आरसीसीची असेल तर तळपट्टीसह आरेखन लागते. दोन्हींत मागे खडी-दगडांचा निचरा थर आणि भिंतीतून आरपार पाणी काढणारी भोके अनिवार्य आहेत. निचरा नसलेली भिंत पहिल्या जोरदार पावसात पाण्याच्या दाबाने जाते.

भिंतीला वेळ लागेल, पाऊस थांबणार नाही. तोवर भेग चिकणमातीने ठासून बुजवा, तिच्यावर आणि कापाच्या कडेवर ताडपत्री टाका, अंगणाच्या वरच्या अंगाला चर काढून पाणी बाजूला न्या आणि कडेपाशी चिरे, वाळू किंवा गाडी ठेवू नका. शेजारी तयार असतील तर त्यांच्या बाजूने कापाच्या पायथ्याशी मुरमाचा भराव पुन्हा टाकून घेणे हा सगळ्यांत स्वस्त आणि सगळ्यांत परिणामकारक तात्पुरता उपाय आहे. घराच्या भिंतीवर जिथे तडा जाण्याची शक्यता वाटते तिथे प्लास्टर ऑफ पॅरिसच्या छोट्या पट्ट्या लावून त्यांच्यावर तारीख लिहा. पट्टी तडकली की हालचाल कोणत्या दिवसांत झाली ते कळते. भराव आहे की मूळ जमीन, हे अंगणात एक छोटा चाचणी खड्डा घेतला की उघड होईल.

आणखी एक विनंती, आणि ती शेजाऱ्यांपर्यंतही पोहोचवा. २९ जून २०१९ रोजी पुण्यात कोंढव्यात एका सोसायटीची भिंत शेजारच्या बांधकामावरच्या मजुरांच्या झोपड्यांवर कोसळली आणि १५ जणांचा जीव गेला. आपल्या शेजाऱ्यांच्या जागेवर मजूर कापाच्या पायथ्याशी राहत असतील तर त्यांना आजच तिथून हलवायला हवे. हा वाद कोणाच्या बाजूने लागतो याची वाट त्यासाठी पाहू नये.

प्रश्नकर्ते : उतारावरचे घर (दापोली)

दोघांचेही मनापासून आभार. अंगण बहुतांशी मूळ जमीन आहे. गडग्यालगतचा तीन-चार फुटांचा पट्टा मात्र आजोबांच्या काळात भराव घालून सपाट केला होता, असे आई सांगते. मजुरांची पत्र्याची खोली कापाच्या अगदी खालीच होती. तिच्याबद्दल मी काल पुन्हा जाऊन सांगितले आणि ती हलवली गेली. शेजारी आता भिंत बांधायला तयार आहेत, पण अर्धा खर्च आम्ही द्यावा असे म्हणतात. तहसीलदारांकडे उत्खननाची तक्रार केली तर काम थांबेल, असेही एकाने सुचवले. ते योग्य ठरेल का?

उत्तर : खालच्या टप्प्याचा मालक (सावंतवाडी)

मी या प्रकारात दुसऱ्या बाजूला होतो. मी खोदणारा होतो आणि वर शेजाऱ्यांचे घर होते, म्हणून त्या बाजूचेही दोन शब्द लिहितो.

जमीन विकत घेणाऱ्याला सातबारा आणि परवानगी हातात असली की सगळे झाले असे वाटते, आणि खोदकामाचा ठेका घेणाराही ‘काळजी करू नका, माझ्यावर सोडा’ असे सांगतो. माझ्या अभियंत्याने मला आधीच बजावले होते की ठेकेदारावर ढकलून मालकाची जबाबदारी संपत नाही. आम्ही खोदकामाआधी भूमी अभिलेख कार्यालयातून हद्द कायम मोजणी करून घेतली, क प्रत (मोजणीच्या नकाशाची प्रत) दोघांनी पाहिली, आणि हद्दीपासून आत सरकून, टप्प्याटप्प्याने, एका वेळी थोडाच भाग उघडा ठेवून खोदले. आपल्याकडे मोजणी झालेली दिसत नाही. गडगा हीच हद्द आहे हे दोघांनाही मान्य असेल तर ते लेखी घ्या, नाही तर भिंत कोणाच्या जमिनीत उभी राहिली याचा नवा वाद पुढच्या पिढीला लागेल.

खर्चाबाबत आम्ही असे ठरवले : माझ्या खोदकामामुळे जेवढी उंची उघडी पडली तेवढी भिंत माझ्या खर्चाने, तिच्यावर शेजाऱ्यांना हवे असलेले कंपाउंड त्यांच्या खर्चाने, भोके साफ ठेवण्याचे काम माझे आणि वरचा चर साफ ठेवण्याचे काम त्यांचे. हे सगळे नोंदणीकृत दस्तात लिहिले आणि भिंतीचे आरेखन त्याला जोडले. नुसत्या स्टँपपेपरवरच्या लिखाणावर समाधान मानू नका. उद्या मी बंगला विकला तर नव्या मालकाला ही भिंत कशासाठी आहे हे दस्तातूनच कळणार आहे.

उत्तर : दिवाणी वकील (रत्नागिरी)

अर्धा खर्च मागण्याला कायद्याचा आधार मला दिसत नाही. गडग्यालगतच्या जुन्या भरावामुळे जर भिंत थोडी जास्त उंच लागत असेल तर तेवढ्या फरकापुरती तडजोड समजण्यासारखी आहे, आणि खटल्याची वर्षे वाचवण्यासाठी काही रक्कम देण्याचा निर्णय आपण घेतलात तर तो व्यवहार म्हणून घ्या. दस्तात मात्र ‘हक्कास बाधा न येता’ असे स्पष्ट लिहून घ्या. भराव आजोबांच्या काळचा आहे, म्हणजे तो वाटपाच्या वेळी होताच, आणि वीस वर्षांचा हिशोब त्यालाही लागू होतो. आईंचे म्हणणे शपथपत्रावर घेऊन ठेवा आणि जुन्या मोजणीचा एखादा नकाशा किंवा अंगणातल्या कार्याचे जुने छायाचित्र सापडते का ते पाहा.

तहसीलदारांचा मार्ग वेगळ्या कारणासाठी आहे. विनापरवाना माती-मुरूम काढला असेल तर महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम ४८(७) खाली दंड होतो, पण तो पैसा शासनाकडे जातो. आपल्या अंगणाला त्याने आधार मिळत नाही. शिवाय पुण्याच्या बांधकाम व्यावसायिकांच्या संघटनेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१४ साली सांगितले आहे की पायासाठी काढलेली माती त्याच जागेवर भरावाला वापरली जात असेल तर ती सरसकट गौण खनिज ठरत नाही. मातीचा उपयोग कशासाठी झाला हे पाहावे लागते. इथे मुरूम डंपरने बाहेर गेला, म्हणून तक्रारीत तथ्य असू शकते. तरीही शेजारी भिंतीला तयार झाले असताना पहिले पाऊल म्हणून मी ही तक्रार करणार नाही, कारण काम थांबले आणि उघडा काप तसाच पावसात राहिला तर नुकसान आपलेच आहे.

घराच्या वयाबद्दल इंग्लंडमधल्या न्यूकॅसलचा एक खटला आपल्या वकिलांशी बोलताना उपयोगी पडेल. तिथे शेजारी-शेजारी दोन घरे होती. त्यांपैकी एकाचे १८४९ साली घोडागाड्यांच्या कारखान्यात रूपांतर झाले आणि त्यामुळे शेजारच्या मातीवरचा भार वाढला. सत्तावीस वर्षांनी शेजारचे घर पाडून खोल खोदण्यात आले आणि कारखाना कोसळला. डाल्टन विरुद्ध अँगस या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या प्रकरणात १८८१ साली हाउस ऑफ लॉर्ड्सने (तिथल्या तेव्हाच्या सर्वोच्च न्यायालयाने) कारखान्याच्या बाजूने निकाल दिला : वीस वर्षे उघडपणे मिळालेला आधार हक्क बनतो, आणि काम ठेकेदाराकडून करून घेतले म्हणून मालक सुटत नाही. आपला अधिनियम पुढच्याच वर्षी आला आणि मुंबई इलाख्याला तो १८९१ मध्ये लागू झाला.

क्रम असा ठेवा. या आठवड्यात वकिलामार्फत नोटीस द्या. तिच्यात कापाची उंची, भेगेचे मोजमाप, तारखेसह छायाचित्रे आणि भिंतीचे आरेखन सादर करण्यासाठी थोडक्या दिवसांची मुदत असू द्या. पायथ्याचा भराव मात्र मुदतीशिवाय, ताबडतोब मागा. त्याच वेळी दाव्याची कागदपत्रे तयार ठेवा. भराव पडला नाही किंवा आरेखन आले नाही, तर उन्हाळी सुटीतही तातडीच्या मनाई अर्जासाठी सुटीतील न्यायाधीश उपलब्ध असतात, त्यांच्यापुढे जा. ग्रामपंचायत आणि प्रांताधिकारी यांना नोटिशीची प्रत पाठवा. पडण्याच्या बेतात असलेल्या बांधकामापासून शेजारच्या रहिवाशांना धोका असेल तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १५२ खाली प्रांताधिकाऱ्यांना सशर्त आदेश काढता येतो, आणि घसरू लागलेला गडगा त्या व्याख्येत बसवता येईल.